वाल्डॉर्फच्या तळघरातलं फिलिपाइन्स

रविवारी जर्मनीत माणसानं काय करू नये याचे नियम पुष्कळ आहेत. भिंतीत खिळा ठोकू नये, गवत कापू नये, रिकाम्या बाटल्या काच गोळा करायच्या पेटीत टाकून खळखळाट करू नये. नवऱ्यानं दिवसभर बायकोच्या डोळ्यांसमोर बसू नये हा नियम अजून झालेला नाही, पण व्हायला हरकत नाही. वाल्डॉर्फला राहणारा सुखदेव हे सगळे नियम पाळून रविवारी जेवण झालं की तळघरात उतरायचा. तिकडे प्रत्येक भाडेकरूला इमारतीच्या तळघरात एक खोली मिळते, तिला केलर म्हणतात. बाकीचे लोक तिथं सायकली आणि बटाटे ठेवतात. सुखदेव तिथं फिलिपाइन्सचे चावट सिनेमे बघायचा.

लगेच नाक मुरडू नका. बघायचा म्हणजे तपासायचा, असं त्याचं म्हणणं होतं. त्याची धाकटी बहीण क्रांती हॅनोव्हरला डॉक्टरेट करत होती आणि तिचा विषयच होता 'फिलिपाइन्सच्या लोकप्रिय संस्कृतीतील प्रौढांच्या चित्रपटांचा इतिहास'. र्युसेल्सहाइमला एका फिलिपिनो बाईंचं किराणा दुकान होतं. पुढं तांदूळ, सुकी मासळी, आणि मागच्या खोलीत भाड्यानं द्यायच्या व्हिडिओ कॅसेट. डीव्हीडी आल्या आणि त्या कॅसेटना कुणी विचारेना. क्रांतीनं खोकीच्या खोकी उचलली. कॅसेटला बुरशी लागायच्या आत त्यांच्यातले सिनेमे कॉम्प्युटरवर उतरवून घ्यायला हवे होते, आणि दादा तर बड्या सॉफ्टवेअर कंपनीत इंजिनिअर. तिनं काम दादावर सोपवलं. दादानं ते मोठ्या कर्तव्यबुद्धीनं घेतलं.

"टेप मध्येच अडकते," तो बायकोला सांगायचा. "समोर बसावंच लागतं."

"अहो, बसा की," रोहिणी म्हणायची. "मी कुठं नको म्हणते? फक्त हेडफोन लावा. शेजारच्या फ्राऊ क्रेमर खाली बटाटे घ्यायला येतात."

पहिले काही रविवार सुखदेवनं हे सिनेमे ज्या नजरेनं बघितले ती नजर काही फार शास्त्रीय नव्हती. पण दोन वर्षं त्याच त्या गोष्टी बघून ब्रह्मदेवालाही जांभई येईल. हळूहळू त्याच्यातला इंजिनिअर जागा झाला. त्याला प्रत्येक गोष्टीची आवृत्ती लागायची. कुठली आधीची, कुठली नंतरची, मध्ये काय बदललं, कुणी बदललं. आणि बघता बघता या गृहस्थाला फिलिपाइन्सचा तो सगळा इतिहास तोंडपाठ झाला. सत्तरच्या आसपास पहिली लाट आली. मग बहात्तरला लष्करी कायदा आला आणि नैतिकतेच्या नावानं उघड्या अंगावर बंदी आली. तेव्हा निर्मात्यांनी नायिकेला पांढरे कपडे घालून नदीत ढकलायला सुरुवात केली. अंगावर कपडे हवेत असा हुकूम होता, ते कोरडे हवेत असं कुणी म्हटलं नव्हतं.

"दादा, ही कुठल्या सालची असेल रे?" रविवारी संध्याकाळी क्रांती फोनवर विचारायची. "लेबल गेलंय."

"कपडे ओले आहेत ना? मग बहात्तरच्या आधीची नाही. आणि तो पोलीस शेवटी भाषण देतो बघ. सेन्सॉरला खूश करायला चिकटवलंय."

"गेनाऊ. मलाही तेच वाटलं."

त्या 'गेनाऊ'नं, म्हणजे 'अगदी बरोबर'नं, सुखदेवची छाती फुगायची. बाप लवकर गेला, तेव्हा या पोरीला त्यानंच शिकवलं, त्यानंच विमानात बसवलं. तिच्या शिक्षणात आपला असा प्रत्यक्ष हात लागतोय याचं त्याला खरंखुरं सुख होतं. मात्र हा हात नेमका कुठं लागतोय हे त्यानं चारचौघांत कधी सांगितलं नाही. ऑफिसात कुणी विचारलंच तर तो म्हणायचा, "आशियाई समाजशास्त्र." इतक्या जड शब्दापुढं कुणी जात नाही.

सगळं असं झाकून-पाकून चाललं होतं, तोवर एप्रिल आला.

फ्रँकफर्टपासून वाल्डॉर्फपर्यंत विखुरलेली आपली माणसं, म्हणजे तिकडच्या कंपन्यांत आणि संस्थांत काम करणारी बौद्ध कुटुंबं, दरवर्षी आंबेडकर जयंतीला एकत्र जमायची. मंडळाचे अध्यक्ष यशवंतकाका. तीस वर्षं जर्मनीत काढलेली असामी, रसायनशास्त्रातला माणूस, आवाज असा की खोलीत कुजबुज करणाऱ्यानं आपोआप पंचशील म्हणावं. यंदा काका अध्यक्षपद सोडणार होते आणि जेवणाआधी नवा अध्यक्ष निवडायचा होता. नावं दोनच होती. एक र्युसेल्सहाइमच्या मोटार कारखान्यातला अश्वजित आणि दुसरा सुखदेव.

या पदाला पगार नाही, गाडी नाही. हॉलची किल्ली आणायची आणि लोकांच्या शिव्या खायच्या, एवढंच काम. तरी सुखदेवला ते हवं होतं, फार हवं होतं. कामठीला त्याचे वडील जन्मभर जयंतीच्या मंडपात खुर्च्या मांडत राहिले. व्यासपीठावरच्या खुर्चीत त्यांना कधी कुणी बसवलं नाही. सुखदेव लहानपणी हे बघायचा आणि गप्प बसायचा. आता जर्मनीत का होईना, ती खुर्ची घरात यायची वेळ आली होती.

मंडळात एक प्रथा होती. जो कुणी डॉक्टरेट करत असेल त्यानं जयंतीला उभं राहून आपलं संशोधन सोप्या मराठीत सांगायचं. बाबासाहेबांच्या फोटोसमोर आपल्या पोरांनी काय शिकून दाखवलंय ते समाजाला कळावं, हा हेतू. हेतू उत्तम होता. मागच्या वर्षी एकानं बटाट्यावरच्या बुरशीतल्या प्रथिनांबद्दल सांगितलं होतं. कुणाला काडीचं कळलं नव्हतं आणि टाळ्या मात्र थांबत नव्हत्या. आपल्यात डॉक्टरेटचा मान असा आहे, विषय कळला नाही तर तो जास्तच वाढतो.

"यंदा तुझ्या बहिणीला बोलू दे, सुखदेव," यशवंतकाका फोनवर म्हणाले. "मुलगी आहे. आपल्या मुलींसमोर आदर्श उभा राहील."

काकांना नाही म्हणणं म्हणजे अध्यक्षपदाला नाही म्हणणं. सुखदेव हो म्हणाला. मग तो निमंत्रणपत्रिका करायला बसला, आणि कॉम्प्युटरवर नको ती ओळ खोडावी तसे त्यानं शीर्षकातून थोडे शब्द खोडले. उरलं ते असं, 'फिलिपाइन्सच्या लोकप्रिय संस्कृतीचा इतिहास'. किती सात्त्विक. वाचताना डोळ्यांपुढं नारळाची झाडं आणि बांबूचा नाच येत होता.

रोहिणीनं पत्रिका वाचली. "अहो, यातले प्रौढ कुठं गेले?"

"ओळ लांब होत होती."

"हो का," ती म्हणाली आणि पोळ्या करायला गेली.

क्रांतीला त्यानं फोन केला. "जरा लोकांना झेपेल असं बोल हं. नाच, गाणी, सण, असं काहीतरी आधी घे."

"दादा, मी सोपंच बोलणार आहे. तू काळजी करू नको."

सुखदेवची काळजी तिथंच खरी सुरू झाली.

जयंतीसाठी घेतलेला हॉल शेजारच्या गावातल्या चर्चच्या मालकीचा होता. भिंतीवर लाकडी क्रूस, त्याच्याखाली टेबलावर बुद्धमूर्ती आणि बाबासाहेबांचा फोटो, मेणबत्त्या, फुलं. त्रिसरण झालं, पंचशील झालं. भाषणाच्या वेळी लहान मुलांना शेजारच्या खोलीत चित्रं रंगवायला पाठवायची रीत होती, कारण ती भाषणात जर्मनमधून मोठ्यानं कंटाळत. या एका रीतीबद्दल सुखदेवनं त्या दिवशी मनोमन हात जोडले. मग क्रांती उभी राहिली. निळी साडी, हातात दोन कागद.

"जय भीम," ती म्हणाली. "पत्रिकेत माझ्या विषयाचा अर्धाच भाग छापलाय. उरलेला मी सांगते."

आणि तिनं पूर्ण शीर्षक वाचलं.

हॉलमध्ये जी शांतता पसरली ती धम्माला अभिप्रेत असलेली शांतता नव्हती. पुढच्या रांगेतले पुरुष एकदम खाली बघायला लागले. चप्पल हरवल्यावर शोधतात तसे. मागच्या रांगेतले मात्र, खरं सांगायचं तर, किंचित पुढं सरकले. अश्वजितनं चष्मा काढून पुसला आणि पुन्हा घातला. यशवंतकाका पुतळ्यासारखे बसून राहिले.

क्रांती सोपंच बोलली. पहिली लाट सांगितली, बंदी सांगितली, नदीत पडणाऱ्या नायिका सांगितल्या तेव्हा बायकांच्या बाजूनं कुणीतरी फसकन हसलं. मग ती म्हणाली, "ऐंशीच्या दशकात तिथं एका एजंटानं गरीब घरातल्या कोवळ्या मुली आणून नट्या केल्या आणि त्यांना थंड पेयांची नावं दिली. बाटलीवर असतं तेच नाव मुलीला. लोक हसले, पोस्टर छापली, तिकिटं खपली. मुलींना विचारलं कुणीच नाही. मला हे वाचताना नवल वाटलं नाही. माझ्या आजीचं नाव उकिर्डी होतं. गावच्या जोशानं ठेवलेलं. छप्पन सालच्या दीक्षेनंतर ती घरी आली आणि म्हणाली, आजपासून मला सुजाता म्हणा. लोक मला विचारतात, बाबासाहेबांच्या लेकीनं असला विषय का घेतला. मी त्या मुलींची खरी नावं शोधतेय. एवढंच माझं संशोधन आहे."

आता हे ऐकून कुणाच्याही अंगावर काटा यावा. आलाही. बायकांच्या बाजूला दोघी-तिघींनी पदर डोळ्यांना लावला. पण सुखदेवच्या मनात त्या वेळी काय आलं म्हणाल? आजीचं ते नाव हिनं भरसभेत काढलं, हे आलं. त्यानं मान खाली घातली. माणूस वाईट नव्हता. खुर्चीच्या फार जवळ बसला होता, इतकंच.

"या सगळ्या कामात मला ज्यानं सगळ्यात जास्त मदत केली त्याचं नाव मला इथं घ्यायचंय," क्रांती म्हणत होती, तेवढ्यात यशवंतकाकांनी हात वर केला.

"एक मिनिट, बाळ. सुखदेव."

"जी, काका."

"कार्यक्रम तू ठरवलास. पत्रिका तू काढलीस. बहिणीचा विषय हा आहे, हे तुला ठाऊक होतं?"

सगळा हॉल वळला. क्रांतीही बघत होती. तिला काय, तिला उत्तर माहीतच होतं. दोन वर्षांचे रविवार तिच्या कानात होते.

सुखदेव उभा राहिला. "नाही, काका," तो म्हणाला. "मला काहीच माहीत नव्हतं. मला वाटलं, लोकगीतं वगैरे असतील."

रोहिणीनं डोळे मिटून घेतले. क्रांतीचा चेहरा क्षणभर असा झाला, जसा लहानपणी शाळेच्या दारात दादा घ्यायला आला नाही की व्हायचा. मग तिनं हातातले कागद नीट जुळवले आणि पुढं बोलायला लागली, अगदी शांत आवाजात.

"असू दे. तर मी सांगत होते, बहात्तर साली लष्करी कायदा आला आणि हे चित्रपट पूर्ण बंद झाले. पुढं हुकूमशहाची सत्ता जाईपर्यंत, म्हणजे शहाऐंशीपर्यंत, असा एकही चित्रपट तिथं निघाला नाही."

सुखदेव बसला होता, तो चुळबुळला.

"हुकूमशहा कसाही असो, पण या बाबतीत कडक होता," क्रांती म्हणाली. "त्याच्या सरकारनं अशा चित्रपटांना कधीच थारा दिला नाही."

सुखदेवनं खुर्ची पुढं ओढली. त्यानं पाण्याचा घोट घेतला. गप्प बस, गप्प बस, असं तो स्वतःला सांगत होता. पण बिघाड डोळ्यांसमोर दिसत असताना गप्प बसायचं शिक्षण त्याला कुणी दिलंच नव्हतं. ऑफिसात याच गुणासाठी त्याला दोनदा बढती मिळाली होती.

"आणि ते ओले कपडेवाले चित्रपट," क्रांतीनं शेवटचा खडा टाकला, "ते तर नव्वदीत आले."

"काय बोलतेस तू?" सुखदेव ताडकन उभा राहिला. "नव्वदीत कुठं? ते सत्तरीच्या मधलेच, बंदीनंतर दोन-तीन वर्षांत आलेले. आणि सरकारनं थारा दिला नाही म्हणजे काय? सरकारनं स्वतः चित्रपटाचा महाल बांधला, समुद्रात भर घालून! इतक्या घाईत, की परांची कोसळून मजूर मेले. आणि तिथं सेन्सॉर लागू नाही म्हणून हेच चित्रपट दाखवले, तिकिटं लावून. बाहेर नीतीची भाषणं आणि आत हे. सगळ्यात उघडे चित्रपट निघाले ते पंच्याऐंशीच्या आसपास, सत्ता जायच्या अगदी आधी. नंतर नाही. आल्झो, म्हणजे बघ, शेवटच्या खोक्यात त्या काळातल्या सात-आठ कॅसेट आहेत, त्यात एडिटिंग बघितलं तरी कळतं की..."

तो थांबला. आपलाच आवाज त्याला ऐकू आला.

शेजारच्या खोलीत मुलं जर्मनमध्ये हिरव्या रंगावरून भांडत होती, तेवढंच ऐकू येत होतं.

"लोकगीतं चांगलीच पाठ आहेत तुझी," यशवंतकाका म्हणाले.

"धन्यवाद," क्रांती म्हणाली. "मदत करणाऱ्याचं नाव आता घ्यायची गरज उरली नाही. जय भीम."

अध्यक्षपदाची निवड पाच मिनिटांत उरकली. अश्वजित एकमतानं निवडून आला. त्याचं नाव सुचवणारा हात सुखदेवचाच होता, कारण तो हात वर न करता कुठं ठेवावा हे त्याला समजत नव्हतं. काकांनी समारोपात शीलाचं महत्त्व सांगितलं. मग जेवण मांडलं गेलं.

जेवणाच्या रांगेत मात्र नवलच झालं. ज्या पुरुषांनी मघाशी चपला शोधल्या होत्या ते एकेक करून सुखदेवच्या बाजूला येऊन उभे राहायला लागले. एकाला असं बघायला हेडफोन कुठल्या कंपनीचे घ्यावेत ते हवं होतं. दुसऱ्याला जुन्या कॅसेटच्या बुरशीवर उपाय हवा होता. नवे अध्यक्ष अश्वजित वरणाची वाटी हातात घेऊन आले आणि खालच्या आवाजात म्हणाले, "त्या कॅसेट उतरवल्या तर एका डिस्कवर मावतील का हो? आपला नुसता अभ्यास म्हणून. इतिहास माहीत असावा माणसाला."

"तुमच्या अध्यक्षीय भाषणासाठी का?" रोहिणीनं मागून विचारलं. अश्वजित वाटीसकट दुसऱ्या टेबलाकडं गेले.

एका बाईनं मात्र क्रांतीचा हात हातात घेतला आणि म्हणाली, "माझ्या आईचं नाव दगडी होतं." एवढंच म्हणून ती भात वाढायला गेली. त्या दिवशी क्रांतीच्या भाषणावर दाद म्हणून जे काही मिळालं ते हेच.

हॉल चकाचक करून किल्ली परत द्यायची होती. सगळे पांगल्यावर सुखदेव स्वयंपाकघरात गेला. क्रांती पातेली घासत होती. त्यानं फडकं घेतलं आणि तिच्या शेजारी उभा राहून ताटं पुसायला लागला. 

"चुकलं माझं."

"हं."

"बाबांची आठवण आली गं. ती खुर्ची समोर दिसली आणि बुद्धी फिरली माझी. मला लाज वाटते स्वतःची."

"वाटू दे थोडा वेळ," ती म्हणाली. रागावलेली वाटत नव्हती, दमलेली वाटत होती.

सुखदेवला थोडा धीर आला. "त्या राहिलेल्या खोक्याचं काम मी दोन रविवारांत संपवतो. मे महिन्याच्या आत तुला सगळं देतो."

"नको, दादा. वहिनीनं मघाशी घरी जाऊन खोकं गाडीत ठेवलंय. मी घेऊन जाते."

"तिकडे कोण करून देणार तुला?"

"युनिव्हर्सिटीत मशीन आहे ना. एकावेळी चार कॅसेट उतरवतं, समोर बसावंही लागत नाही. पहिल्यापासून आहे."

सुखदेवच्या हातातलं ताट तसंच राहिलं. "पहिल्यापासून? मग दोन वर्षं मला कशाला दिल्यास?"

क्रांतीनं नळ बंद केला.

"मी इकडे काय करते ते आपल्या घरातल्या एका तरी माणसाला माहीत असावं, म्हणून," ती म्हणाली आणि पातेलं त्याच्या हातात दिलं.